'जस्ट वॉच मी' तेवढंच ऐकू नका

कॅनडाचे माजी पंतप्रधान पिएर ट्रुडो पत्रकारांना किंमत देत नसत, असं काही जण म्हणतात आणि पुरावा म्हणून त्यांचं 'जस्ट वॉच मी' ('बघाच तुम्ही') हे उत्तर देतात. उर्मटपणा होता, मान्य. पण ते तीन शब्द वेगळे काढले की मूळ प्रसंग निसटतो. १३ ऑक्टोबर १९७०, राजधानी ओटावात संसदेच्या पायऱ्या. ब्रिटिश अधिकारी जेम्स क्रॉस आणि क्वेबेक प्रांताचे मंत्री पिएर लापोर्त यांचं अपहरण झालेलं, शहरात बंदूकधारी सैनिक. कॅनडाची सार्वजनिक प्रसारण संस्था सीबीसीचे पत्रकार टिम राल्फ विचारतात, एवढं सैन्य कशाला? ट्रुडो टाळून आत निघून जात नाहीत. कित्येक मिनिटं तिथेच उभे राहून वाद घालतात, राल्फनाच उलट प्रश्न करतात, आणि राल्फही हटत नाहीत. 'किती पुढे जाणार?' असं त्यांनी लावून धरलं, तेव्हा ते वाक्य आलं. पुढे २००६ मध्ये प्रश्न कोण विचारणार याची यादी तेव्हाचे पंतप्रधान हार्पर यांचं कार्यालय ठरवू लागलं आणि पत्रकार उठून गेले. मला तरी राल्फना मिळालेली ती मिनिटं जास्त मोलाची वाटतात.

ट्रुडोंना मात्र मी सोडत नाही. तीनच दिवसांत सरकारला विशेष अधिकार देणारा युद्धकालीन कायदा लागू झाला, जवळपास ५०० जणांची धरपकड झाली आणि बहुतेकांवर आरोपसुद्धा ठेवले गेले नाहीत. पंतप्रधान मल्रोनींच्या काळात, १९८८ मध्ये, तो कायदा बदलून संसदेची मंजुरी आणि नंतरची चौकशी सक्तीची केली गेली. २०२२ मध्ये पिएर यांचे चिरंजीव, तेव्हाचे पंतप्रधान जस्टिन ट्रुडोंनी वापरला तो हाच नवा कायदा.