मदत हवी आहे: पायाच्या जुन्या मुरगळीला कोड देताना एम आधी की एस?

म्हापसा_नवशिका
नमस्कार मंडळी. मेडिकल कोडिंगच्या (डॉक्टरांच्या नोंदीला ठरलेले कोड देण्याच्या) कोर्समधला एक सराव चार्ट अडला आहे. चार्ट अमेरिकन ऑर्थो क्लिनिकचा. १४ महिन्यांपूर्वी रुग्णाचा उजवा पाय लॉनमधल्या खड्ड्यात गेला. पडला नाही, पण लिसफ्रँक (पावलाच्या मध्यभागातली) लिगामेंट मुरगळली. ऑपरेशन नाही, वॉकिंग बूटवर भागले. आताची डॉक्टरांची नोंद अशी: 'उजव्या पावलाची जुनाट अस्थिरता, जुन्या लिसफ्रँक मुरगळीमुळे. चालताना दुखते.'

मी दिलेले कोड, याच क्रमाने: एस९३.६२१एस (मूळ मुरगळ), एम२५.३७४ (पावलाची अस्थिरता), एम७९.६७१ (पाऊल दुखणे), डब्ल्यू१८.४२एक्सएस (दुखापतीचे कारण) आणि वाय९२ (दुखापतीची जागा) मधला बागेचा कोड. तपासून आल्यावर बरोबरची खूण फक्त डब्ल्यूवर आहे. कारण काहीच लिहिलेले नाही.

फोंडा_एमआरडी
एवढे कशाला? टी९३.३ आहे ना, खालच्या अंगाची जुनी मुरगळ, लचक, सांधा निखळणे, सगळ्याचे उत्तरपरिणाम त्यातच येतात.

पर्वरी_ऑडिट
फोंडाबाब, तो जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या रोगांच्या कोडांच्या पुस्तकातला कोड. आपल्याकडच्या इस्पितळांत ते पुस्तक चालते. चार्ट अमेरिकेचा असेल तर त्याची अमेरिकन आवृत्ती आयसीडी-१०-सीएम लागते, आणि त्यात टी९३ नाहीच. तिथे मूळ दुखापतीचा कोड घेऊन सातवे अक्षर एस (म्हणजे उत्तरपरिणाम) लावतात. गुगलवर दोन्ही पुस्तकांची पाने शेजारी शेजारी येतात, म्हणून हा घोळ कायम होतो.

आता चार्ट. क्रम उलटा झाला आहे. आज रुग्ण ज्यासाठी आला ती अवस्था पहिली, ती ज्या दुखापतीतून आली तो एसवाला कोड दुसरा. एस हे अक्षर इथे दुखापतीच्या आणि तिच्या कारणाच्या कोडला लागते, आजच्या अवस्थेच्या एम कोडला नाही.

खरी मेख मात्र एम२५.३७४ मध्ये आहे. टॅब्युलर लिस्ट (पुस्तकातली कोडांची क्रमवार यादी) उघडून एम२५.३ खालचा एक्सक्लूड्स-१ (इथे काय घ्यायचे नाही ती टीप) वाचा: जुन्या लिगामेंटच्या दुखापतीमुळे आलेली अस्थिरता तिथे घ्यायची नाही, एम२४.२ (लिगामेंटचे विकार) मध्ये जायचे. म्हणून उजव्या पावलाला एम२४.२७४ (डाव्याला २७५). घोट्याची अस्थिरता असती तर उजवा एम२४.२७१, डावा २७२. इंडेक्समध्ये 'इन्स्टॅबिलिटी' शोधून तिथेच थांबले की एम२५.३ हातात येतो आणि नेमका चुकतो. नोंदीत 'जुन्या मुरगळीमुळे' हे शब्द आहेत का, एवढ्यावर दोन कोडांतला फरक ठरतो.

एम७९.६७१ म्हणजे पाऊल दुखणे. अस्थिर पाऊल दुखणारच, ते लक्षण निदानातच आले. काढून टाका. वाय९२ ची जागा आणि वाय९३ ची कृती (दुखापत झाली तेव्हा रुग्ण काय करत होता) पहिल्या भेटीतच एकदा नोंदवतात, वर्षभराने नाही. डब्ल्यू१८.४२ म्हणजे खड्ड्यात पाय जाऊन न पडता अडखळणे. अंगची पाच अक्षरे आहेत म्हणून सहाव्या जागी एक्स, मग एस. एस९३.६२१ मध्ये सहा जागा आधीच भरलेल्या, तिथे एक्स घुसडू नका.

म्हणजे अखेर: एम२४.२७४, एस९३.६२१एस, डब्ल्यू१८.४२एक्सएस.

म्हापसा_नवशिका
देव बरे करो! अजून दोन शंका. एस लावायला किती महिने उलटावे लागतात? आणि याच रुग्णाच्या आठव्या आठवड्यातल्या फिजिओथेरपीच्या भेटीलाही एसच का?

पर्वरी_ऑडिट
महिन्यांचा हिशोब नाही. मुदत कुठेच ठरवलेली नाही. आठव्या आठवड्यात लिगामेंट भरून येते आहे आणि त्यासाठीच व्यायाम चालू आहे, म्हणजे सातवे अक्षर डी (भरून येतानाच्या पुढच्या भेटी): एस९३.६२१डी. तिथे झेड वर्गातला आफ्टरकेअर (उपचारानंतरच्या देखभालीचा) कोड लावायचा मोह होतो, पण दुखापतीला तो चालत नाही, डी हेच त्याचे काम करते. मूळ दुखापतीचे उपचार आटोपून मागे काही उरले आणि डॉक्टरांनी तसे लिहिले, की एस. एकाच दुखापतीचा ए (मुख्य उपचार चालू असतानाचे अक्षर) आणि एस एका भेटीत कधीच नको. त्याच पावलाला नवी मुरगळ आली तर ती वेगळी दुखापत, तिला ए.

डिचोली_कोडर
एक भर. नुसते 'जुनी मुरगळ, पाय दुखतो' असे असेल तर दोन्ही आपण जोडायचे नाहीत. डॉक्टरांना क्वेरी पाठवा, पण 'मुरगळीमुळेच ना?' अशी उत्तर सुचवणारी नको. 'सध्याच्या दुखण्याचे कारण कृपया नोंदवावे' एवढे पुरे. उत्तरात ताठरपणा आला तर एम२५.६७४, दुखापतीनंतरचा संधिवात आला तर एम१९.१७१ (हा घोटा आणि पाऊल दोन्हींना एकच). आणि मुरगळ कुठली तेही नीट बघा: टार्सल लिगामेंट एस९३.६१, टार्सोमेटाटार्सल (यातच लिसफ्रँक) ६२, पण अंगठ्याच्या मुळाशी असेल तर ती पावलात येत नाही, एस९३.५२ मध्ये जाते. घोट्याची टॅलोफिब्युलर लिगामेंट एस९३.४९ खाली. नवीन माणूस सगळे एस९३.६०१ (उजव्या पावलाची अनिर्दिष्ट मुरगळ) मध्ये ढकलतो.

फोंडा_एमआरडी
चूक कबूल. तरी इस्पितळाच्या फाइलीपुरते सांगतो, कुणाला लागले तर. पावसात शेवाळलेल्या चिऱ्यांच्या पायऱ्यांवरून घसरलेला माणूस वर्षाने परत येतो तेव्हा आपल्याकडेही आजची अवस्थाच मुख्य निदान, टी९३.३ जोडीला. फक्त डब्ल्यूला एस लावायची सोय त्या पुस्तकात नाही. कारणाला वाय८६ (इतर अपघातांचे उत्तरपरिणाम), वाहन अपघात असेल तर वाय८५.