एकाच वेळी दोन जगांत उभा असलेला वाडा कथेत कसा दाखवायचा?

नदीकाठ:
दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहितोय आणि मधेच अडकलोय. पुण्यात नदीकाठच्या पेठेतला एक वाडा आहे. एका जगात १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलं, वाडा बसला आणि आज तिथे चार मजली सोसायटी आहे. दुसऱ्या जगात धरण फुटलंच नाही, वाडा अजून नांदता आहे, चौकात तुळस, माडीवर म्हातारी आत्या वगैरे. दोन्ही एकाच जागी, आत्ता, एकाच वेळी. मला जादूचं दार नकोय, कारण दार ठेवलं की इमारत नुसती रस्ता होऊन बसते, मला वास्तूच दोन्हीकडे हवी आहे. पण लिहून झालेलं बायकोला वाचून दाखवलं तर ती म्हणाली आपण कुठल्या जगात आहोत तेच कळत नाही, आणि ते कळलं नाही तर भीती कशी वाटणार? तिचं बरोबर आहे. कोणी असं काही वाचलंय, खेळलंय, लिहिलंय का?

रात्रपाळी:
कंट्रोल खेळून बघ. फिनलंडच्या रेमेडी कंपनीचा २०१९ चा व्हिडिओ गेम आहे. त्यात न्यूयॉर्कमध्ये ओल्डेस्ट हाउस नावाची सरकारी इमारत आहे, बाहेरून नुसता काँक्रीटचा ठोकळा आणि आतून संपतच नाही, खोल्या जागा बदलतात, कुठे खाण लागते कुठे कारखाना. तिचं बाहेरचं रूप मॅनहॅटनमधल्या ३३ थॉमस स्ट्रीटवरून घेतलंय, ती खरी इमारत आहे, १९७४ ची, ५५० फूट उंच आणि खिडकीच नाही कारण आत टेलिफोनची यंत्रं बसवायची होती. पण तुझ्या कामाचं म्हणजे त्यातलं ओशनव्ह्यू मोटेल. दिव्याची दोरी तीनदा ओढली की तू मोटेलात, तिथे घंटा वाजवायची, किल्ली शोधायची, खुणेचं दार उघडायचं की इमारतीत भलतीकडेच निघतोस. दर वेळी तीच दोरी तीनदा, तोच कॉरिडॉर, त्यामुळे डोकं गरगरत नाही. जग कितीही बदलू दे, हाताला होणारी एक कृती तशीच ठेव. वाचणाऱ्याला बोट धरायला काहीतरी लागतंच.

वासिष्ठ_वाचक:
अरे एवढ्या लांब कशाला जायचं, योगवासिष्ठातली लीलेची गोष्ट वाच ना, उत्पत्ती प्रकरणात आहे. राजा पद्म मरतो, राणी लीला सरस्वतीच्या सांगण्यावरून त्याचा देह फुलांत झाकून महालातच ठेवते. आणि त्याच महालाच्या अवकाशात तिला दुसरं अख्खं राज्य दिसतं, तिथे तोच विदूरथ नावाचा राजा आहे, सिंधुराजाशी युद्ध होतं, शहर जळतं. पण खरा धक्का पुढे आहे. सरस्वती सांगते की तुम्ही आधी एक गरीब ब्राह्मण जोडपं होतात, त्या ब्राह्मणाला मरून आठच दिवस झालेत, आणि तुझं हे राज्य, महाल, सगळं त्याच्या घरातल्या अवकाशात आहे. मग दोघी त्या घरी जातात तर मुलगा अजून रडतोय! इकडे राज्याभिषेक, संसार, मरण सगळं होऊन गेलं आणि तिकडे सुतकसुद्धा फिटलं नाही. हे वाचून मी रात्रभर जागी होते खरंच. त्यात भिंती हलत नाहीत, जागा तेवढीच राहते, फरक फक्त काळाच्या मापाचा. तुझ्या वाड्यात दोन्हीकडे घड्याळ सारखंच चालतंय का, ते आधी ठरव.

खण_आणि_तुळई:
मी आर्किटेक्ट, जुन्या वाड्यांच्या मोजणीची कामं करते. लीलेची गोष्ट अफाट आहे पण तिच्यात जग जगाच्या पोटात आहे, तुझी दोन जगं शेजारी शेजारी आहेत, नाही, एकमेकांवर आहेत, म्हणून तो काळाचा खेळ इथे बसेल असं मला वाटत नाही. नियम लागतो हे मात्र पटतं. अमेरिकन विज्ञानकथाकार हाइनलाइनची १९४१ ची कथा आहे, लॉस एंजेलिसमधला आर्किटेक्ट, खोकं उलगडून सपाट करावं तसा, चार मितींचा घन तीन मितींत उलगडून आठ खोल्यांचं घर बांधतो, रात्री भूकंप होतो आणि घर मिटतं, बाहेरून एकच खोली उरते. मजा अशी की ते गणिताने चालतं. प्रत्येक खोली इतर सहा खोल्यांना लागून, फक्त एकीला नाही, आणि सरळ चालत राहिलास तर चार खोल्यांनंतर परत पहिलीत. ते घर बहुतेक आपल्याच जगात राहतं, तरी खरं वाटतं कारण कोणीही कागदावर ताडून बघू शकतो.

तर आधी प्लॅन काढ. वाडा खणांवर मोजतात, खण म्हणजे दोन खांबांमधलं अंतर. सोसायटीचे आरसीसी कॉलम त्या खणांवर पडणारच नाहीत. ट्रेसिंग पेपरवर दोन्ही प्लॅन एकमेकांवर ठेव आणि बघ कुठे काय येतं. समजा एक कॉलम बरोब्बर माजघराच्या मधे आला. मग वाड्यातली माणसं पिढ्यान् पिढ्या त्या जागेला वळसा घालून जातात, तिथे पाट मांडत नाहीत, पाळणा टांगत नाहीत, का ते कोणालाच सांगता येत नाही. आणि सोसायटीत तिसऱ्या मजल्यावर वाड्याचा जिना जिथे येईल त्या बेडरूममध्ये कोणाला झोप लागत नाही. पुरात पांढऱ्या मातीच्या भिंती विरघळतात, दगडी जोतं राहतं, म्हणून जोतं दोन्ही जगांत एकच ठेव. कुठल्या जगात आहोत ते वाचणाऱ्याला पायाखालून कळू दे, सांगू नकोस.

नदीकाठ:
कॉलमची जागा!! हे कधी सुचलंच नसतं. पण मग माणसाने एकीकडून दुसरीकडे जायचंच नाही का? माझा शेवट त्यावर उभा आहे, नातू आत्याला भेटतो.

रात्रपाळी:
जाऊ दे की, पण जोत्यावरूनच, तीच एक सामाईक जागा आहे. दोरीसारखी एक कृती दे त्याला.

खण_आणि_तुळई:
हो, जोत्याच्या पायऱ्या चढताना. पण मग सोसायटी बांधताना बिल्डरने जोतं का काढलं नाही याचं कारण लागेल, पाया खणताना ते निघणारच. पार्किंगच्या कोपऱ्यात तेवढा एक तुकडा राहिलेला दाखवता येईल, असे राहतात. प्लॅन काढलास की स्कॅन करून इथे टाक, खण मी तपासून देते.