‘फेल्युअर’ आणि ‘एरर’, दोन्हीला मराठीत काय म्हणायचं?

शब्दवेडी
एका छोट्या सॉफ्टवेअर लायब्ररीची (तयार कोडच्या संग्रहाची) माहिती मराठीत लिहितेय. एनयुनिट आणि जेयुनिट ही प्रोग्रामच्या टेस्ट, म्हणजे चाचण्या, चालवायची साधनं. आत एक्सएसएल फाइली (रूपांतराचे नियम लिहिलेल्या) आहेत, त्या एनयुनिटचा रिपोर्ट घेऊन त्याचं जेयुनिटच्या एक्सएमएलमध्ये (खुणा घालून माहिती लिहायच्या साच्यात) रूपांतर करतात म्हणजे जेन्किन्सला, टेस्ट आपोआप चालवून निकाल दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरला, तो वाचता येतो. अडलंय ते असं, की जेयुनिटच्या रिपोर्टमध्ये फेल्युअर वेगळं आणि एरर वेगळी. उत्तर ५ यायला हवं होतं, ७ आलं, तर फेल्युअर, आणि टेस्ट मध्येच अनपेक्षित एक्सेप्शन (प्रोग्राम चालताना उद्भवलेली अडचण) येऊन कोसळली तर एरर. मी ‘अपयश’ आणि ‘त्रुटी’ लिहिलं, तर मैत्रीण म्हणते त्रुटी म्हणजे एरर नव्हेच. मी तर लहानपणापासून त्याच अर्थाने ऐकतेय.

नगरकर
मैत्रिणीचं बरोबर आहे. माझे वडील तहसील कचेरीत होते, तिथे ‘अर्जातील त्रुटींची पूर्तता करावी’ असं पत्र जायचं. पूर्तता उणिवेची होते, चुकीची होत नाही, चूक दुरुस्त करावी लागते. त्रुटी म्हणजे काहीतरी कमी पडलंय. एररला त्रुटी म्हणायची सवय बहुतेक हिंदीतून आली असावी, कॉम्प्युटरवरचे हिंदी मेसेज वाचून वाचून.

टेस्टिंगवाला
आमच्या टीममध्ये सरळ ‘टेस्ट नापास झाली’ आणि ‘टेस्ट फाटली’ म्हणतात, सगळ्यांना कळतं. पोराने पेपर लिहिला आणि उत्तर चुकलं तर नापास, पण पेपर लिहिता लिहिता चक्कर येऊन पडला तर त्याला नापास कसं म्हणणार, त्याला येत होतं की नाही हेच कळलेलं नाही. हा फरक मराठीत दिसलाच पाहिजे.

सांगलीकर
‘नापास’ नको हो. ना फारसी, पास इंग्रजी, त्यात मराठी कुठे आहे? ‘अनुत्तीर्ण’ घ्या. उत्तीर्ण म्हणजे तरून पलीकडे गेलेला.

टेस्टिंगवाला
दोन्ही तुकडे बाहेरचे असले तरी नापास खेड्यातल्या आजीलाही कळतो, मग तो मराठीच झाला ना. अनुत्तीर्ण फक्त मार्कशीटवर बघितलाय.
बाकी @शब्दवेडी, टॅपवरून (टेस्टचे निकाल साध्या ओळींत लिहायची एक पद्धत) जेयुनिटला नेणारी फाइल पण आहे का? टॅप १९८७ पासून आहे, पर्ल या प्रोग्रामिंग भाषेबरोबर आलं, त्यात टेस्टचा निकाल मुळात ‘ओके’ किंवा ‘नॉट ओके’ एवढाच. नुसत्या नॉट ओकेवरून नापास की फाटली हे फाइलला कळत नाही, तिथे शब्द जपून लावा.

शब्दवेडी
हो, आहे, आणि तिथे सगळं ‘फेल्युअर’मध्येच टाकलंय. मग तिथे निदान ‘नापास’ खरं ठरेल का? आणि स्किप्डला, म्हणजे न चालवता सोडलेल्या टेस्टला, काय म्हणू, ‘गाळलेली’ की ‘वगळलेली’?

नगरकर
वगळलेली. गाळलेली म्हटलं की ‘गाळलेल्या जागा भरा’ आठवतं, जागा रिकामी आहे आणि ती भरायचीय. वगळणं ठरवून होतं.

पुणेरी_मुलगी
आम्ही धडा ‘ऑप्शनला टाकायचो’! स्किप्ड म्हणजे अगदी तेच, ठरवून सोडलेला पण पुस्तकात तसाच असलेला. रिपोर्टमध्येही टेस्टचं नाव राहतंच की.

सांगलीकर
आता ‘ऑप्शनला टाकलेली टेस्ट’ छापणार का? आणि ‘फाइल’ सगळेच लिहिताय, सरकारी मराठीत ‘नस्ती’ हा चांगला शब्द आहे. माझ्या मते तो नाकावरून आलाय, संस्कृतात नस्त म्हणजे नाक, बैलाला वेसण घालतात तसे कागद टोचून दोरीत ओवायचे.

नगरकर
नस्ती आम्ही घरात रोज ऐकायचो. पण ती कागदांच्या गठ्ठ्याला. वडील एकाच कागदाला कधी नस्ती म्हणाले नाहीत, मग एका एक्सएसएलला कसं म्हणायचं?

सांगलीकर
मग फोल्डरला नस्ती म्हणा. पण दोरी नसली तरी चालेल का, हे वडिलांना विचारून सांगा.