चास्के म्हणजे थोरला

'चास्के' या मुलाच्या नावाचा अर्थ 'शूर योद्धा' असा सांगितला जातो, तो बरोबर नाही. अमेरिकेतल्या ज्या मूळ रहिवाशांना आपण सू म्हणतो त्यांच्यातल्या डकोटा लोकांचं हे नाव, आणि अर्थ एवढाच: पहिला मुलगा. थोरला. पहिली मुलगी असेल तर विनोना. दुसऱ्या-तिसऱ्या मुलांनाही अशीच ठरलेली नावं असतात.

हे जन्मक्रमाचं नाव, कर्तृत्वाचं नाव पुढे मिळतं. १८५८ साली जन्मलेल्या एका पोराची आई त्याच्या जन्मानंतर लगेच गेली, म्हणून त्याला हकादा म्हणत, म्हणजे बिचारा शेवटचा. पुढे लॅक्रॉसचा सामना जिंकल्यावर तो ओहियेसा झाला, जिंकणारा. हेच डॉ. चार्ल्स ईस्टमन. १८९० मध्ये वुंडेड नी इथे अमेरिकी सैन्याने केलेल्या सू लोकांच्या हत्याकांडातल्या जखमींवर त्यांनी उपचार केले.

पण चास्के म्हटलं की मला अमेरिकेतल्या मिनेसोटामधलं मॅनकेटो आठवतं. डकोटा आणि अमेरिकी सरकार यांच्यातल्या युद्धानंतर, २६ डिसेंबर १८६२ ला तिथे ३८ डकोटा पुरुषांना एकाच वेळी फाशी दिलं. त्यांत एक चास्का (चास्केच, उच्चार वेगळा) होता. सारा वेकफील्ड या गोऱ्या बाईने साक्ष दिली होती की त्याने तिला आणि तिच्या लेकरांना वाचवलं. राष्ट्राध्यक्ष लिंकनने मंजूर केलेल्या फाशीच्या यादीत त्याचं नाव नव्हतं, तरी त्याला दोर लावला, मिळत्याजुळत्या नावाच्या दुसऱ्याऐवजी. घरोघरी एक थोरला असणारच की! हे वाचून मी फार वेळ सुन्न होतो.

नाव ठेवायचंच असेल तर पहिल्या मुलालाच ठेवा. धाकट्याला चास्के म्हणणं डकोटा माणसाला विचित्रच वाटेल.