नऊपैकी नऊ जिंकूनही घरीच: १९५१ च्या 'डॉन्स'वर अन्याय झाला की नाही?

गोफण (धागाकर्ता)
'कॉलेजच्या खेळात शेवटी गुणवत्तेलाच मान मिळतो' असं परवा इथेच वाचलं, म्हणून हा धागा. खेळ अमेरिकन फुटबॉल, अंडाकृती चेंडू काखोटीला मारून पळायचा तो. १९५१ साली सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या 'डॉन्स' संघाने नऊच्या नऊ सामने जिंकले. हंगाम संपला की चांगल्या संघांना 'बाऊल' सामन्यांची, म्हणजे मोसमाअखेरच्या मानाच्या सामन्यांची, आमंत्रणं जातात; त्यातले बरेचसे तेव्हा वर्णभेद पाळणाऱ्या दक्षिणेत व्हायचे. डॉन्सना एकही आलं नाही. ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर हे संघातले दोन कृष्णवर्णीय खेळाडू. 'त्या दोघांना मागे ठेवून या' असा निरोप होता आणि आम्ही तो धुडकावला, असं त्यांचे सहकारी पुढे कित्येक वर्षं सांगत आले. मॅटसन त्या मोसमात १,५६६ यार्ड धावला, देशात सर्वाधिक! माझ्या मते हा उघड वर्णद्वेष.

तिरकस
भावना पोचल्या. पण सामने कुणाशी झाले ते सोयीस्करपणे गाळलंत. सॅन होजे स्टेटशी दोनदा, एक कॅम्प पेंडलटनच्या मरीन सैनिकांशी, एक सॅन डिएगोच्या नौदल केंद्राशी. एपी वृत्तसंस्थेच्या शेवटच्या क्रमवारीत डॉन्स १४ वे. बाऊलवाले तिकिटं खपवायला बसले होते हो. एवढ्याशा जेझुइट (कॅथलिक धर्मगुरूंच्या) कॉलेजामागे कॅलिफोर्नियातून मायामीपर्यंत कोण जाणार? आणि सगळ्या दक्षिणेला एकाच मापाने मोजू नका. १९४८ च्या कॉटन बाऊलमध्ये, थेट टेक्सासातल्या डॅलसला, पेन स्टेटचा वॉली ट्रिप्लेट खेळला होता. तोही कृष्णवर्णीयच.

गोफण
वेळापत्रक हलकं होतं, मान्य. संघ हलका नव्हता. मॅटसन, जिनो मार्केटी, बॉब सेंट क्लेअर; एकाच कॉलेजचे तिघं पुढे व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये गेले. न्यूयॉर्कला जाऊन फोर्डहॅमला ३२-२६ हरवलं तो सामना बघा. समोरून किकऑफ (खेळ सुरू करणारी लाथ) आला, मॅटसनने झेलला आणि जवळजवळ अख्खं मैदान कापून टचडाउन, म्हणजे चेंडू थेट शेवटच्या रेषेपार. एकदा नाही, त्याच सामन्यात दोनदा. असा गडी बघायला लोक आले नसते?

आजोळ
थोडं अवांतर. हाच मॅटसन १९५२ ला हेलसिंकीत ४०० मीटरमध्ये कांस्य घेऊन आला. त्याच ऑलिंपिकमध्ये आपल्या खाशाबा जाधवांचंही कांस्य. खाशाबांच्या प्रवासासाठी कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण टाकलं. आणि तिकडे? अपराजित हंगाम संपतो न संपतो तोच विद्यापीठाने तोट्यापायी फुटबॉलच बंद केला! मला बाऊलपेक्षा हे जास्त लागतं.

तिरकस
आजोळताई, प्राचार्यांनी एका पैलवानाला पाठवलं. फुटबॉल म्हणजे अख्खी पलटण पोसायची, दरवर्षी. सेंट मेरीजने १९५० नंतर संघ मोडला, लोयोलाने १९५१ नंतर, सांता क्लाराने १९५२ नंतर. सगळी त्याच किनाऱ्यावरची कॅथलिक कॉलेजं. तिथे कुठला वर्णद्वेष आडवा आला?

पाटीपेन्सिल
तिरकसराव, संघ का मोडला हा वेगळा प्रश्न, त्याने आमंत्रणाचं उत्तर मिळत नाही. १९५१ च्याच ऑक्टोबरमध्ये ओक्लाहोमात ड्रेक विद्यापीठाच्या कृष्णवर्णीय जॉनी ब्राइटचा जबडा फोडला, तोही चेंडू त्याच्याजवळ नसताना. त्या फोटोंना पत्रकारितेचं पुलित्झर पारितोषिक मिळालं. १९५६ च्या शुगर बाऊलमध्ये पिट्सबर्गकडून कृष्णवर्णीय बॉबी ग्रियर खेळणार म्हटल्यावर जॉर्जियाच्या गव्हर्नरांनी समोरच्या जॉर्जिया टेक संघाला जाऊ देऊ नका म्हणून आकांडतांडव केलं. (टेक गेला, खेळला, जिंकलाही.) तुम्ही म्हणता तिकिटं खपवायची होती. कुणाला? कृष्णवर्णीयांना वेगळ्या रांगेत, वेगळ्या स्टँडमध्ये बसवणाऱ्या गावातच ना? मग धंदा आणि रंग हे दोन मुद्दे तुम्ही वेगळे काढता कसे?

तिरकस
हा मुद्दा वजनदार आहे. तरी 'दोघांना मागे ठेवा' हा निरोप नेमका कुठल्या बाऊलने, कुणाच्या हाती धाडला ते कुणी दाखवेल का? वातावरण वाईट होतं म्हणून प्रत्येक कहाणी खरी ठरत नाही. या संघाची प्रसिद्धी सांभाळायला होता पीट रोझेल, जो पुढे एनएफएलचा, म्हणजे व्यावसायिक फुटबॉल लीगचा, कमिशनर झाला. असा माणूस हाताशी असल्यावर दंतकथा व्हायला कितीसा वेळ लागतो?

पाटीपेन्सिल
रोझेलची जादू एवढी चालत असती तर आधी आमंत्रण नसतं का आणलं त्याने?