चिबुल्स्की म्हणजे फक्त काळा चष्मा नव्हे

पोलिश नट झ्बिग्न्येव चिबुल्स्कीला 'पोलंडचा जेम्स डीन' म्हणून मोकळं होणं मला पटत नाही. हॉलीवूडचा नट डीन चोविसाव्या वर्षी गेला. चिबुल्स्की 'अ‍ॅशेस अँड डायमंड्स' (१९५८) केला तेव्हाच तिशीत होता, आणि त्याआधी भरपूर रंगभूमी करून बसला होता. क्राकोवच्या नाट्यशाळेतून तो ग्दान्स्कला गेला. तिथे १९५४ मध्ये बोगुमिल कोबिएलाबरोबर 'बिम-बोम' हे विद्यार्थी नाट्य उभं केलं. हाच कोबिएला पुढे त्या सिनेमातही आहे, दारू पिऊन मेजवानीचा विचका करणारा!

त्या सिनेमातल्या त्याच्या काळ्या चष्म्याबद्दल: कथा मे १९४५ ची, पण माचेक (म्हणजे चिबुल्स्कीची भूमिका) दिसतो थेट १९५० च्या दशकातला तरुण. दिग्दर्शक आंद्रे वायदाने ही विसंगती चालू दिली. शिवाय कथेत चष्म्याला कारणही आहे: नाझींविरुद्धच्या १९४४ च्या वॉर्सा उठावात गटारांतून काढलेले दिवस. बारमध्ये तो वोडकाचे पेले एकेक करून पेटवतो, मेलेल्या साथीदारांसाठी, आणि मध्येच हसतो. त्या हसण्यात अख्खी भूमिका आहे, चष्मा राहू द्या बाजूला.

'द सारागोसा मॅन्युस्क्रिप्ट' (१९६५) जरूर बघा. तिथला गोंधळलेला, जरा विनोदी कप्तान बघून हाच तो माचेक यावर विश्वास बसत नाही.

८ जानेवारी १९६७ ला व्रोत्सवाफ स्टेशनवर सुटलेली गाडी पकडताना तो गेला, वय ३९. वायदाने पुढे 'एव्हरीथिंग फॉर सेल' त्याच्याच गैरहजेरीवर बेतला. त्यात त्याचं नाव कुठेच घेतलेलं नाही.