मदत हवी आहे: बर्फाखालच्या समुद्रातला प्रकाशमान जीव, कुठे चुकतंय?

पाणकळा
विज्ञानकथेसाठी एक समुद्री जीव रचतेय. जग गुरूच्या युरोपा या चंद्रासारखं आहे: वर २० किमी बर्फ, खाली १०० किमी पाणी, गुरुत्वही युरोपाइतकंच, उन्हाचा कणही नाही. जीवाचं नाव तेजाळी. सायफोनोफोरसारखी, असंख्य छोट्या जीवांची मिळून झालेली ४० मीटर लांब माळ. तळाच्या गरम झऱ्यांपाशी राहते, सतत लाल उजळते आणि पाणबुडीतून २ किमीवरून दिसते. मसुदा वाचणाऱ्यांनी रंग, ऑक्सिजन आणि सततचा उजेड या तिन्हींवर बोट ठेवलंय. उजेड कथेला हवाच आहे, बाकी काहीही बदलेन.

निवटी
रंगापासून सुरू करा, कारण २ किमीचा प्रश्नही त्यातच सुटतो. शुद्ध पाणी लाल प्रकाश फार पटकन गिळतं. ६५० नॅनोमीटरचा लाल प्रकाश १० मीटरमध्ये साधारण ३ टक्क्यांवर येतो; ४७५ नॅनोमीटरचा निळा तेवढ्याच अंतरात ९० टक्के शिल्लक असतो. म्हणूनच आपल्या समुद्रातले बहुतेक जीव निळे चमकतात. पण निळा केला तरी १०० मीटरवर एक तृतीयांशच उरतो, आणि २ किमीवर व्यवहारात काहीच नाही. शंभरेक मीटरवर या. तेही पाणी गाळविरहित असेल तर; गरम झऱ्यांचं पाणी खनिजांच्या कणांनी धुरकट असतं.

लाल अगदीच हवा असेल तर जवळच्या कामासाठी ठेवा. एरेना नावाच्या सायफोनोफोरच्या, भक्ष्याला भुलवणाऱ्या गळांवर लाल उजळणारे ठिपके असतात. मॅलॅकोस्टियस हा मासा डोळ्याखालून लाल प्रकाश टाकतो, जो आसपासच्या बहुतेकांना दिसतच नाही.

भरतीरेषा
ऑक्सिजनचा आक्षेप सगळ्यात वजनदार आहे. ल्युसिफेरिन या रसायनाचं ऑक्सिडीकरण झालं की, म्हणजे त्याचा ऑक्सिजनशी संयोग झाला की, प्रकाश निघतो; ल्युसिफेरेज हे विकर ते घडवून आणतं. तुमच्या जगात प्रकाशसंश्लेषण नाही, मग ऑक्सिजन कुठला? उत्तर वर आहे. गुरूभोवतीचे वेगवान कण युरोपाच्या पृष्ठभागावरच्या बर्फातलं पाणी फोडतात, हायड्रोजन बराचसा निसटतो, ऑक्सिजन आणि हायड्रोजन परॉक्साइड मागे राहतात. बर्फाच्या भेगांतून ते हळूहळू खाली झिरपतं असं कथेत धरायला हरकत नाही. म्हणजे तेजाळीला तळाशी नव्हे, बर्फाच्या छताला लटकवा.

तळ नको म्हणण्याचं आणखी एक कारण दाब. छताखाली तो सुमारे २४० वातावरणं (पृथ्वीवरच्या हवेच्या दाबाच्या २४० पट) येतो, पृथ्वीवरच्या २,४०० मीटर खोलीइतका. तिथे भरपूर जीव जगतात. तुमच्या तळाशी मात्र १,५०० वातावरणं होतात, आपल्या समुद्रातल्या सर्वांत खोल मारियाना गर्तेपेक्षा बरीच जास्त. आणि तळाची तेजाळी ऑक्सिजनसाठी वर येत राहील असंही लिहू नका: सेकंदाला ५ सेंमी वेगाने १०० किमी चढायला २३ दिवस लागतील.

रसायन नीट बसवायचं तर एक्वोरिन बघा. एक्वोरिया व्हिक्टोरिया या जेलीफिशमधून रसायनशास्त्रज्ञ ओसामू शिमोमुरा यांनी वेगळं काढलेलं प्रथिन. यात ऑक्सिजन आधीच बांधून ठेवलेला असतो. कॅल्शियम येऊन चिकटलं की लगेच निळा प्रकाश, त्या क्षणी मोकळा ऑक्सिजन लागत नाही. पण एकदा उजळून संपलं की नवं ल्युसिफेरिन आणि ऑक्सिजन घेऊन पुन्हा भरायला तासन्‌तास जातात. गोष्टीला हे फार उपयोगी पडेल: भरलेली तेजाळी आणि रिकामी तेजाळी असे दोन वेगळे प्राणी वाटतील.

खाजण
भरतीरेषांशी सहमत. सततच्या उजेडाबद्दल: कोकणात किनाऱ्याला निळ्या चमकणाऱ्या लाटांमागे बहुतेकदा नॉक्टिल्युका हा एकपेशीय जीव असतो. मिलिमीटरभराचा पारदर्शक गोळा, मधोमध खाच, एक शेपटीसारखा तंतू. ते पाणी बाटलीत स्थिर ठेवलं तर काळंभोर. बाटली हलवली की ठिणग्या, आणि प्रत्येक ठिणगी सेकंदाच्या दहाव्या भागाइतकीच. धक्का हाच खटका.

सतत उजेड जिवाणू देतात, तोही गर्दी झाल्यावरच. अॅलिव्हिब्रिओ फिशरी पाण्यात एक रसायन सोडतो, ते पुरेसं साचलं की सगळे मिळून उजळतात. हवाईचा छोटा बॉबटेल स्क्विड त्यांना पिशवीत पाळतो आणि रोज पहाटे बहुतेक बाहेर टाकतो. तुमच्याकडे पहाट नाही. त्याऐवजी युरोपाची ८५ तासांची प्रदक्षिणा वापरा. त्या लयीत बर्फ ताणला जातो, भेगा उघडमीट करतात. पिशव्या रिकाम्या करण्याचं वेळापत्रक त्यावर बसवा.

पाणकळा
फारच मोलाचं. छत, निळा रंग, एक्वोरिन, ८५ तास, सगळं घेतलं. आता अडलेय ते इथे: अंधाऱ्या जगात डोळे कुणालाच नसतील, तर उजेड दाखवायचा कुणाला?

निवटी
डोळे उजेडामागून येतात, हा क्रम ठेवा. आधी उजेड हा उपउत्पादन असू द्या: ल्युसिफेरिनचं मूळ काम ऑक्सिजनचे घातक अवशेष निकामी करणं असावं, असा एक अंदाज मांडला जातो. छताखाली ते पटतंही. मग कुणाला तरी प्रकाशाची जाणीव झाली की उपयोग सुरू होतो. पोटाखाली उजेड करून वरच्या उन्हात मिसळून जाण्याची युक्ती मात्र टाळा, तुमच्याकडे वर ऊनच नाही. चोरघंटा घ्या: कुणी तेजाळीला चावलं की ती उजळते, आणि तो उजेड चावणाऱ्याच्या शत्रूला बोलावतो. सागरी जीवशास्त्रज्ञ एडिथ विडर यांनी अॅटोला जेलीफिशच्या या उजेडाची नक्कल निळ्या एलईडींच्या कड्याने केली, आणि २०१२ मध्ये जपानच्या ओगासावारा बेटांजवळ महाकाय स्क्विड कॅमेऱ्यासमोर आला. कॅमेऱ्याचे दिवे लाल होते. तुमच्या पाणबुडीलाही तेच द्या. पांढरे दिवे लावले तर तेजाळीचा उजेड दिसणारच नाही.

भरतीरेषा
एक राहिलं. ४० मीटरची माळ एकदम पेटवू नका. असल्या प्राण्यांत चेतासंदेश फार वेगाने जात नाही. सेकंदाला २ मीटर धरला तर चावलेल्या टोकापासून दुसऱ्या टोकाला उजेड पोचायला २० सेकंद लागतील, आणि तोवर पहिलं टोक विझलेलं असेल.